वाऱ्यापासून वीज : गच्चीवरील भिरभिऱ्यापासून सह्याद्रीच्या पठारापर्यंत

जुलै महिन्यातील एका दुपारी पावसाने उघडीप दिली, म्हणून आठवीच्या वर्गाचा विज्ञानाचा तास वसतिगृहाच्या गच्चीवर घेतला. मुलांनी जाड कागदाची भिरभिरी करून आणली होती. समुद्राकडून झुळूक आली की ती गरगर फिरत आणि झुळूक थांबली की स्तब्ध होत. पाटण तालुक्यातून आलेला एक विद्यार्थी बराच वेळ ती पाहत होता. त्याने विचारले, "सर, आमच्या गावाच्या वरच्या पठारावर मोठमोठ्या पवनचक्क्या आहेत. इथे तर समुद्र जवळ आहे. मग आपल्या गच्चीवर एक पवनचक्की का बसवत नाही? विजेचे बिल तरी वाचेल."

वर्ग हसला. मला मात्र तो प्रश्न हसण्यासारखा वाटला नाही. त्याचे पूर्ण उत्तर त्या तासात देणे शक्य झाले नाही. स्मरणिकेच्या निमित्ताने ते लिहून काढावे असे मनात आले. कारण हे उत्तर विज्ञानाच्या पाठ्यपुस्तकात सुरू होत असले, तरी ते आपल्या परळ-लालबागच्या इतिहासापर्यंत येऊन पोहोचते.

हवेलाही वजन असते

हवा डोळ्यांना दिसत नाही, म्हणून ती म्हणजे जणू काहीच नव्हे अशी आपली समजूत असते. चाळीतील दहा बाय दहाची खोली आपल्या सर्वांच्या परिचयाची आहे. तिची उंचीही दहा फूट धरली, तर तिच्यात एक हजार घनफूट, म्हणजे सुमारे २८ घनमीटर हवा मावते. एक घनमीटर हवेचे वजन साधारण १.२ किलोग्रॅम असते. म्हणजे त्या रिकाम्या वाटणाऱ्या खोलीत सुमारे ३४ किलो हवा भरलेली असते. दहा-अकरा वर्षांच्या मुलाच्या वजनाइतकी!

ही हवा स्थिर असेल तोवर ती कोणतेही काम करीत नाही. परंतु वजन असलेली वस्तू धावू लागली की तिच्या अंगी काम करण्याची क्षमता येते. तिला गतिज ऊर्जा म्हणतात. हवेला धावायला लावतो तो सूर्य. दिवसा जमीन समुद्रापेक्षा लवकर तापते, जमिनीवरील हवा हलकी होऊन वर जाते आणि तिची जागा घेण्यासाठी समुद्रावरील हवा आत येते. दादरच्या चौपाटीवर संध्याकाळी अंगाला लागणारे खारे वारे ते हेच. हाच खेळ संपूर्ण उपखंडाच्या प्रमाणावर घडतो, तेव्हा नैर्ऋत्य मोसमी वारे वाहू लागतात. पवनचक्की चालवणारी ऊर्जा मुळात सूर्याचीच असते.

वेग दुप्पट, शक्ती आठपट

वाऱ्याचा वेग दुप्पट झाला तर त्याची शक्ती किती वाढेल? बहुतेक विद्यार्थी "दुप्पट" असे उत्तर देतात. खरे उत्तर आहे आठपट. त्याचे कारण असे : हवेच्या प्रत्येक किलोमधील गतिज ऊर्जा वेगाच्या वर्गाने वाढते, म्हणून दुप्पट वेगाला ती चौपट होते. शिवाय वेग दुप्पट झाल्यामुळे एका सेकंदात पात्यांपाशी पोहोचणारी हवाही दुप्पट होते. चार गुणिले दोन म्हणजे आठ. वाऱ्याची शक्ती वेगाच्या घनाच्या प्रमाणात बदलते, हा पवनऊर्जेतील सर्वांत महत्त्वाचा नियम होय.

आता आपल्या डोक्यावरील पंखा घेऊ. पंखा वीज घेऊन वारा देतो. पवनचक्की वारा घेऊन वीज देते. नेहमीच्या बाराशे मिलिमीटरच्या पंख्याची पाती फिरताना सुमारे १.१३ चौरस मीटरचे वर्तुळ व्यापतात. तेवढ्याच आकाराची छोटी पवनचक्की आपण गच्चीवर बसवली आणि वारा सेकंदाला तीन मीटर वेगाने वाहत आहे असे मानले, तर त्या वर्तुळातून जाणाऱ्या वाऱ्याची शक्ती सुमारे १८ वॅट भरते. लहान यंत्राला त्यातील एक तृतीयांश हाती लागली, तर मिळाले सहा वॅट. त्यावर एक छोटा एलईडी दिवा लागेल. पंखा मात्र चालणार नाही, कारण त्याला सत्तर-पंचाहत्तर वॅट लागतात. वारा सेकंदाला सहा मीटर झाला, तर तेच यंत्र पन्नास वॅटच्या आसपास देईल.

गच्चीच्या प्रश्नाचे अर्धे उत्तर येथेच मिळते. आपल्या भागात चाळींच्या आणि आता उंच मनोऱ्यांच्या गर्दीतून येणारा वारा अडखळत येतो. इमारतींना आपटून त्याचे भोवरे होतात, दिशा क्षणोक्षणी बदलते आणि वेग घटतो. वेग अर्धा झाला की शक्ती आठव्या हिश्श्यावर येते. शहरातील गच्चीसाठी सूर्यप्रकाशावर चालणाऱ्या सौरपट्ट्या अधिक योग्य ठरतात. पवनचक्कीला हवी असते मोकळी, उंच आणि सतत वारा लाभणारी जागा.

सह्याद्रीचा माथा

अशी जागा त्या विद्यार्थ्याच्या गावाच्या वर आहे. सातारा जिल्ह्यातील वनकुसवड्याचे आणि ठोसेघरजवळील चाळकेवाडीचे पठार समुद्रसपाटीपासून हजार मीटरहून अधिक उंच आहे. अरबी समुद्रावरून येणारा मोसमी वारा कोकण ओलांडून सह्याद्रीच्या कड्याला भिडतो. पुढे जाण्यासाठी त्याला माथ्यावरून वर चढावे लागते. तेथे वाट अरुंद होत असल्यामुळे त्याचा वेग वाढतो. बोळाच्या तोंडाशी वारा जोरात लागतो, तसेच हे आहे. उंचीवरील हवा थोडी विरळ असते खरी, परंतु वेगाचा लाभ त्याहून कितीतरी मोठा असतो.

त्यात पात्यांचा आकार मोठा. ऐंशी मीटर व्यासाच्या चक्राचे क्षेत्रफळ पाच हजार चौरस मीटरहून थोडे अधिक भरते. वारा सेकंदाला आठ मीटर असताना त्या वर्तुळातून सुमारे दीड हजार किलोवॅट शक्ती वाहत असते आणि चांगले यंत्र त्यातील सहाशे किलोवॅटच्या आसपास विजेत बदलू शकते. तोच वारा चार मीटरवर आला, तर हाती येतात जेमतेम पंचाहत्तर किलोवॅट. म्हणूनच यंत्र उभारण्यापूर्वी उंच खांबावर वेगमापक बसवून वाऱ्याची दीर्घकाळ मोजणी केली जाते. जागा चुकली की यंत्र कितीही उत्तम असले तरी उपयोग होत नाही.

महाराष्ट्रात साताऱ्याशिवाय सांगली जिल्ह्यातील ढालगावचा परिसर आणि धुळे जिल्ह्यातील साक्री तालुक्यातील ब्राह्मणवेल ही पवनऊर्जेची मोठी केंद्रे आहेत. राज्यातील पवनचक्क्यांची एकूण क्षमता आज पाच हजार मेगावॅटहून अधिक आहे.

पात्यापासून तारेपर्यंत

वारा पात्यांना केवळ ढकलत नाही. पात्याचा आडवा छेद घेतला तर तो विमानाच्या पंखासारखा, एका बाजूस अधिक फुगीर दिसतो. त्यावरून हवा वाहताना दोन्ही बाजूंच्या दाबात फरक पडतो आणि पाते कमी दाबाच्या बाजूकडे ओढले जाते. ज्या बलाने विमान हवेत उचलले जाते, त्याच बलाने पाते गोल फिरते.

मोठे चक्र मिनिटाला पंधरा-वीस फेरे घेते. पुष्कळ यंत्रांतील जनित्राला मात्र मिनिटाला सुमारे पंधराशे फेरे लागतात. म्हणून मधे गिअरबॉक्स असतो. सायकलचे मोठे दातेरी चाक सावकाश फिरले तरी मागचे लहान चाक जोरात फिरते, तेच तत्त्व येथे वापरलेले असते. जनित्रात चुंबक आणि तांब्याच्या तारेची वेटोळी असतात. वेटोळ्याजवळून चुंबक फिरत राहिले की तारेत विद्युतप्रवाह निर्माण होतो, हे मायकेल फॅरडे यांनी १८३१ मध्ये दाखवून दिले. बांधणीच्या कारागिराकडे उमेदवारी करीत, बांधायला आलेली पुस्तके वाचून शिकलेला हा शास्त्रज्ञ आपल्या विद्यार्थ्यांनी विशेष लक्षात ठेवावा.

मनोऱ्याच्या माथ्यावरील खोलीवजा पेटीत ही सारी यंत्रणा असते. वाऱ्याची दिशा बदलली की मोटारींच्या साहाय्याने संपूर्ण पेटी वाऱ्याकडे तोंड करते. वारा सेकंदाला तीन-चार मीटर झाला की वीजनिर्मिती सुरू होते. तो पंचवीस मीटरवर, म्हणजे ताशी नव्वद किलोमीटरवर गेला, तर पाती वळवून वाऱ्याला धार दाखवतात आणि यंत्र स्वतःला थांबवते. वादळात अधिक वीज घेण्याचा मोह धरला, तर यंत्रच मोडेल. तयार झालेल्या विजेचा दाब रोहित्राने वाढवून ती वाहिन्यांत सोडली जाते.

निसर्गाने आखलेली मर्यादा

वाऱ्यातील सर्वच शक्ती का काढून घेता येत नाही? दादर स्थानकाचा पूल डोळ्यांसमोर आणावा. जिना उतरलेली माणसे पायथ्याशीच उभी राहिली, तर मागच्यांना उतरता येईल काय? पवनचक्कीने वाऱ्याची सगळी ऊर्जा काढून घेतली, तर हवा पात्यांमागेच थांबेल आणि नवीन हवेला वाट उरणार नाही. म्हणून हवेला पुढे जाण्यापुरता वेग शिल्लक ठेवावाच लागतो. जर्मन शास्त्रज्ञ आल्बर्ट बेट्झ यांनी १९२० च्या सुमारास गणिताने सिद्ध केले, की आदर्श यंत्रही वाऱ्यातील ५९.३ टक्क्यांहून अधिक शक्ती घेऊ शकणार नाही. प्रत्यक्षात उत्तम यंत्रे चाळीस-पंचेचाळीस टक्के घेतात.

दुसरी मर्यादा ऋतूची. तो विद्यार्थी दिवाळीच्या सुटीनंतर परतला तेव्हा त्याने वहीत लिहून आणले होते : "पठारावरील बहुतेक पवनचक्क्या बंद होत्या." त्याचे निरीक्षण अचूक होते. आपल्या पठारांवर वाऱ्याचा खरा हंगाम जून ते ऑगस्ट. पावसाळा सरला की तो ओसरतो. म्हणूनच एक मेगावॅटचे यंत्र वर्षभरात सरासरीने त्या क्षमतेच्या पाचव्या ते चौथ्या हिश्श्याइतकीच वीज देते. पाचवा हिस्सा धरला तरी वर्षाला सुमारे साडेसतरा लाख युनिट होतात. महिन्याला शंभर युनिट वापरणाऱ्या चौदाशेहून अधिक घरांना ती पुरतील.

वहीत पुढे आणखी एक प्रश्न होता : "पवनचक्क्या बंद असताना दिवे कसे लागतात?" याचे उत्तर वीजजाळ्यात आहे. औष्णिक केंद्रे, धरणे, सौर प्रकल्प आणि पवनचक्क्या एकाच जाळ्याला जोडलेल्या असतात. वारा साठवता येत नाही, पाणी साठवता येते. वारा जोरात असताना धरणातील पाणी राखून ठेवावे आणि वारा पडला की ते सोडून वीज निर्माण करावी, अशी सांगड घालता येते. वनकुसवड्याच्या पठाराखालीच कोयनेचा जलाशय आहे. एकच मोसमी वारा वर पाती फिरवतो आणि खाली धरण भरतो.

एका निवासी विद्यालयातील पवनचक्की

वाऱ्याला कामाला लावण्याची कल्पना जुनी आहे. इराणच्या पूर्व भागात हजार वर्षांपूर्वीही वाऱ्यावर धान्य दळले जात असे. 'पवनचक्की' या शब्दातील चक्की म्हणजे दळण्याचे जातेच. हॉलंडमध्ये याच यंत्राने सखल जमिनीतील पाणी उपसले. वाऱ्यापासून वीज करण्याचे प्रयोग मात्र १८८७ च्या सुमारास स्कॉटलंड आणि अमेरिकेत सुरू झाले.

त्यानंतरची एक हकिकत आपल्यासारख्या संस्थेला जवळची वाटावी अशी आहे. डेन्मार्कमधील आस्कोव्ह या खेड्यात शेतकरी कुटुंबांतील तरुणांसाठी एक लोकविद्यालय होते. विद्यार्थी तेथेच राहून शिकत. पौल ला कूर हे तेथील विज्ञानाचे शिक्षक. वीज शहरांपुरती राहिली तर खेडी मागे पडतील, ही चिंता त्यांना होती. १८९१ मध्ये त्यांनी विद्यालयाच्या परिसरात वीज निर्माण करणारी पवनचक्की उभारली. वारा नसतानाही प्रकाश मिळावा म्हणून त्यांनी त्या विजेने पाण्याचे विघटन करून हायड्रोजन वायू साठवला आणि त्यावर विद्यालयातील दिवे लावले. पुढे त्यांनी ग्रामीण तरुणांना वीजतंत्रज्ञ म्हणून शिकवण्याचे वर्ग चालवले. त्यांतीलच एक विद्यार्थी, योहानेस यूल, यांनी १९५७ मध्ये गेडसर येथे २०० किलोवॅटची तीन पात्यांची पवनचक्की उभारली. आजच्या पवनचक्क्यांची घडण तिच्याच वळणाची आहे. १९८६ मध्ये भारताच्या किनाऱ्यावर महाराष्ट्र, गुजरात आणि तमिळनाडूत पवनविद्युतीचे पहिले प्रकल्प उभे राहिले, तेव्हा त्यांत डेन्मार्कची ५५ किलोवॅटची यंत्रे होती. एका खेड्यातील निवासी शाळेच्या शिक्षकाने सुरू केलेले काम अशा रीतीने आपल्या किनाऱ्याला येऊन लागले.

खोपोलीहून परळला आलेली वीज

सह्याद्रीच्या पावसावाऱ्याचे आणि आपल्या वस्तीचे नाते मात्र त्याहून जुने आहे. गिरणगावातील गिरण्या आरंभी वाफेवर चालत. कोळसा जळे, धुराडी धूर ओकत, आणि एकाच इंजिनाची शक्ती लांबलचक दांडे व पट्ट्यांमार्फत साच्यांपर्यंत पोहोचे. १९१५ मध्ये टाटांचे खोपोली येथील जलविद्युत केंद्र सुरू झाले. लोणावळ्याच्या परिसरात मोसमी वाऱ्यांनी आणलेले पाणी तळ्यांत साठवून घाटाखाली सोडले जाई आणि त्यापासून झालेली वीज तारांनी परळला येई. कोळशाची शक्ती मागे पडून पावसाची शक्ती गिरण्या चालवू लागली.

गिरण्यांत काम करणारी माणसेही त्याच डोंगरांकडून आलेली होती : रत्नागिरीची, साताऱ्याची. आपल्यापैकी अनेकांच्या आजोबा-पणजोबांनी त्या विजेवर फिरणाऱ्या यंत्रांपुढे पाळ्या केल्या. परंतु एक गोष्ट नव्या पिढीला ठाऊक असली पाहिजे. अस्पृश्य मानल्या गेलेल्या कामगारांना सूत कातण्याच्या रिंग खात्यात काम मिळे. अधिक मजुरीच्या विणकाम खात्याचे दार त्यांना बंद होते. नव्या कांडीचे सूत धोट्याच्या छिद्रातून तोंडाने ओढून घ्यावे लागे, म्हणून सोबतचे कामगार विटाळाचे कारण पुढे करीत. १९२८ च्या मोठ्या संपाच्या वेळी डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी हा अन्याय उघडपणे मांडला. बाबासाहेब त्या काळी परळच्या बी.आय.टी. चाळीत राहत होते. वीज डोंगर उतरून परळपर्यंत आली होती, पण परळमध्येच राहणाऱ्या माणसाला त्या विजेवर चालणाऱ्या साच्यापर्यंत जाता येत नव्हते.

उपयुक्त कोणाला?

पवनचक्की वाऱ्याचे रूपांतर 'उपयुक्त शक्ती'त करते, असे पाठ्यपुस्तक सांगते. पाती, गिअर, जनित्र आणि रोहित्र यांचे नियम निसर्गाने ठरवलेले आहेत. 'उपयुक्त' या शब्दाचा अर्थ मात्र माणसे ठरवतात.

बाबासाहेबांना याची पूर्ण जाणीव होती. १९४२ ते १९४६ या काळात व्हाइसरॉयच्या कार्यकारी मंडळात मजूरमंत्री असताना पाटबंधारे आणि वीज हे विषय त्यांच्याकडे होते. २५ ऑक्टोबर १९४३ रोजी वीजविषयक धोरण समितीपुढे बोलताना त्यांनी प्रतिपादन केले, की देशाला वीज स्वस्त आणि मुबलक मिळाली पाहिजे. कारण तिच्यावाचून उद्योगीकरण यशस्वी होणार नाही आणि उद्योगीकरणावाचून दारिद्र्याच्या फेऱ्यातून माणसांची सुटका होणार नाही. पुढील वर्षी केंद्रीय तांत्रिक वीज मंडळ स्थापन झाले. त्यांच्या विचारात वीज हे साधन होते. साध्य होते ते माणसाचे जीवन.

हीच कसोटी आजच्या पवनचक्क्यांना लावावी लागेल. साक्री तालुक्यातील पठारांवर त्या उभ्या राहू लागल्या, तेव्हा तेथील आदिवासींनी जमिनीवरील आपल्या हक्काचा प्रश्न उपस्थित केला. धूर नाही, राख नाही, इंधनाचा खर्च नाही, हे पवनऊर्जेचे गुण निर्विवाद आहेत. कोळसा कमी जाळणे ही तर आता साऱ्या जगाची निकड आहे. पण ज्या माथ्यावरचा वारा आपण वापरतो, त्या माथ्याखालील वाडीत रात्री अभ्यासाला पुरेसा उजेड आहे काय, आणि त्या यंत्रांवर काम करण्याचे शिक्षण तेथील मुलामुलींना मिळते काय, हे विचारल्याशिवाय हिशेब पूर्ण होत नाही. ला कूर यांनी आस्कोव्हमध्ये खेड्यातील तरुणांना तंत्रज्ञ केले, ते याच कारणासाठी.

पाटणच्या त्या विद्यार्थ्याला मी अखेर सांगितले, की आपल्या गच्चीवरचा वारा तोकडा पडतो. पण तुझ्या पठारावरचा वारा तारांच्या जाळ्यातून शहरांपर्यंत येतच असतो. त्याने क्षणभर विचार केला आणि विचारले, "मग ती चक्की दुरुस्त करायला वर कोण चढते, सर? त्यासाठी काय शिकावे लागते?"

त्यासाठी यंत्र आणि विद्युत या विषयांतील आयटीआय, पदविका किंवा अभियांत्रिकीचे शिक्षण लागते, हे मी त्याला सांगितले. या स्मरणिकेच्या वाचकांत असे शिक्षण घेतलेले अनेक माजी विद्यार्थी आहेत. त्यांनी वर्षातून एखादी दुपार आपल्या गच्चीवर यावे. भिरभिरी तयार असतील आणि प्रश्नही.